अजय–अतुल : तालुक्याच्या गांवांत घडलेलें चित्रपट-संगीत

ज्या चित्रपटांतील गोष्ट प्रत्यक्षांत कधीं घडणारी नसते, त्या चित्रपटांत संगीतकाराचें काम सर्वांत अवघड होऊन बसतें. माणूस डोळ्यांदेखत अदृश्य होतो, एकटा शिपाई वीस गुंडांना लोळवितो, समुद्रांतून डोंगराएवढा प्राणी वर येतो. हें सारें पडद्यावर दिसत असलें तरी बुद्धि तें मानावयास तयार नसते. अशा वेळीं प्रेक्षकाच्या मनाची समजूत घालण्याचें काम कानांवर येऊन पडतें. डोळ्यानें नाकारलेलें कानानें पटवावयाचें, ही अद्‌भुत आणि साहसी चित्रपटांच्या संगीताची खरी कसोटी होय.

या कसोटीला उतरलेला एक प्रसिद्ध कलावंत जपानांत होऊन गेला. १९५४ सालीं तेथें ‘गोजिरा’ नांवाचा चित्रपट निघाला. पुढें तो जगभर ‘गॉडझिला’ या नांवानें ओळखला गेला. त्यांतील महाकाय प्राणी म्हणजे जाड पोशाख चढविलेला एक नट होता, आणि त्याच्या पायांखालीं चिरडलें जाणारें शहर म्हणजे लहानशा प्रतिकृतींची मांडणी होती. तरीहि प्रेक्षक हादरले. या परिणामांत संगीतकार अकिरा इफुकुबे यांचा वाटा फार मोठा होता. त्या प्राण्याची डरकाळीसुद्धां त्यांच्याच कल्पनेंतून निघाली. कॉन्ट्राबास या मोठ्या तंतुवाद्याची तार सैल करून तिच्यावर राळ चोपडलेला चामड्याचा हातमोजा घासला, आणि त्या आवाजावर ध्वनिमुद्रणांत संस्कार करून ती डरकाळी सिद्ध केली.

हे इफुकुबे १९१४ सालीं होक्काइदो बेटावर जन्मले. त्यांचे वडील ओतोफुके नांवाच्या गांवाचे प्रमुख होते. त्या भागांत आइनू या मूळ रहिवाशांचीं गाणीं आणि निरनिराळ्या प्रांतांतून येऊन वसलेल्या जपानी लोकांचीं गाणीं या मुलाच्या कानांवर सारखीं पडत असत. चौदाव्या वर्षीं रेडिओवर स्ट्राविन्स्की या रशियन संगीतकाराची एक रचना ऐकून त्यानें संगीतकार होण्याचें ठरविलें. परंतु शिक्षण घेतलें तें वनशास्त्राचें आणि पुढें नोकरी धरली तीहि वनखात्यांतील. १९३५ सालीं चेरेप्निन या संगीतकारानें जपानी कलावंतांसाठीं ठेविलेल्या स्पर्धेंत इफुकुबे यांच्या रचनेस पहिलें बक्षीस मिळालें. ज्या संगीतानें टोकियो शहर जमीनदोस्त झाल्याचा भास निर्माण केला, त्याची पहिली तालीम एका आडगांवांत झाली होती, ही गोष्ट लक्षांत ठेवण्यासारखी आहे. कारण तिच्याशीं पुष्कळ अंशीं जुळणारी हकीकत पुणें जिल्ह्यांत घडलेली आहे.

पुणें जिल्ह्याच्या उत्तर टोंकास जुन्नर आणि आंबेगांव हे दोन तालुके एकमेकांस लागून आहेत. पश्चिमेकडे सह्याद्रीच्या माथ्यावरचीं महादेव कोळ्यांचीं गांवें, पूर्वेकडे ऊंस-कांद्याचीं शेतें, आणि मधून मंचर व नारायणगांव यांना शिवून जाणारा पुणें–नाशिक रस्ता, असा हा मुलूख आहे. आंबेगांव तालुक्याचें मुख्य ठाणें आंबेगांवीं नाहीं. तें घोडनदीच्या कांठच्या घोडेगांवीं आहे, आणि मूळचें आंबेगांव तर डिंभे धरणाच्या पाण्याखालीं गेलें आहे. जुन्नरच्या डोक्यावर शिवनेरी उभा आहे. लेण्याद्रीचा गिरिजात्मज आणि ओझरचा विघ्नेश्वर हे अष्टविनायकांपैकीं दोन गणपति याच तालुक्यांत आहेत.

या मुलखाचें वर्ष आवाजांवरून ओळखतां येतें. भाद्रपदांत ढोल-ताशे, नवरात्रांत संबळ, लग्नसराईंत सनई आणि बँड, एकादशीला टाळ-मृदंग, आणि चैत्र लागला कीं गांवोगांवच्या जत्रा. जत्रेंत दिवसा देवाची काठी नाचते व हलगी कडाडते. रात्रीं तमाशाचा फड उभा राहतो आणि ढोलकीवर थाप पडते. नारायणगांवाला तर तमाशाची पंढरी म्हणतात. गुढीपाडव्याच्या सुमारास तेथें फडांच्या राहुट्या लागतात, आणि गांवोगांवचे पंच येऊन आपापल्या जत्रेची सुपारी ठरवून जातात.

अशा या टापूंत, महसूल खात्यांतील वडिलांची जिकडे बदली होईल तिकडे बिऱ्हाड हलवीत, दोन भाऊ वाढले. अतुल गोगावले यांचा जन्म ११ सप्टेंबर १९७४ चा, आणि अजय गोगावले यांचा २१ ऑगस्ट १९७६ चा. राजगुरुनगर, घोडेगांव, जुन्नर, शिरूर अशा तालुक्याच्या गांवीं त्यांचें बालपण गेलें. घराण्यांत गाण्याची परंपरा नव्हती. गंडा बांधण्यास गुरु नव्हता, शिकण्यास संगीत-विद्यालय नव्हतें, आणि हाताशीं म्हणावें असें वाद्यहि नव्हतें. ज्याला घरीं तानपुरा मिळतो त्याचा कान एका वळणानें घडतो. या दोघांना दर दोन-चार वर्षांनीं नवें गांव आणि त्या गांवाचा नवा नाद मिळाला. बदलीची नोकरी ही सामान्यतः मुलांच्या शिक्षणास बाधक समजली जाते. येथें तीच एक प्रकारची पाठशाळा ठरली.

शाळेंत असतांना राष्ट्रीय छात्रसेनेच्या एका स्पर्धेंत त्यांनीं नेहमींची ठरलेली धून निराळ्या रीतीनें बांधून बक्षीस मिळविलें. हा प्रसंग लहानसा; पण पुढील सर्व कारकीर्दीचें बीज त्यांत दिसतें. सर्वांच्या परिचयाची चाल घ्यावयाची, तिच्या अंगावर नवा साज चढवावयाचा, आणि तरीहि तिची मूळची ओळख पुसूं द्यावयाची नाहीं, हा त्यांचा मार्ग तेव्हांच ठरून गेला.

पुढें पुण्यांत त्यांची उमेदवारी सुरू झाली. देवळांतील कार्यक्रम, स्थानिक बँड, शाहिरांची साथ, अशीं मिळतील तीं कामें त्यांनीं केलीं. हार्मोनियम आणि तालवाद्यें हातीं आलीं तीं अशाच कामांच्या ओघांत. कालांतरानें वडिलांनीं एक की-बोर्ड घेऊन दिला, आणि एका वाद्यांत अनेक वाद्यांचे आवाज सांपडल्यामुळें वाद्यमेळ बांधण्याची हौस भागूं लागली. आदर्श म्हणून त्यांनीं मानले ते तामिळनाडूंतील इळैयराजा यांना. तेहि पन्नैपुरम् नांवाच्या खेड्यांतून आलेले. १९७६ च्या ‘अन्नक्किळि’ या चित्रपटांत त्यांनीं गांवच्या लोकगीतांचें वळण आणि पाश्चात्त्य वाद्यवृंद यांचा मेळ घालून दाखविला होता. जाहिरातींच्या धुना, नाटकांचें पार्श्वसंगीत असा प्रवास करीत दोघे भाऊ ‘विश्वविनायक’ या गणेशगीतांच्या ध्वनिमुद्रिकेपर्यंत पोहोंचले. एस. पी. बालसुब्रह्मण्यम् आणि शंकर महादेवन् यांच्यासारखे गायक तिच्यांत गायले, आणि अजय–अतुल हें जोडनांव जाणकारांच्या कानांवर गेलें.

२००४ हें वर्ष त्यांच्या आयुष्यांत निर्णायक ठरलें. त्या वर्षीं आलेल्या त्यांच्या चित्रपटांपैकीं दोन अद्‌भुत कथांवर उभे होते, हा योगायोग मोठा लक्षणीय आहे. ‘गायब’ या हिंदी चित्रपटाचा नायक अदृश्य होणारा तरुण होता. ‘अगं बाई अरेच्चा!’ या केदार शिंदे यांच्या मराठी चित्रपटांतील नायकाला स्त्रियांच्या मनांतले विचार ऐकूं येऊं लागतात. या दुसऱ्या चित्रपटांत खंडोबाच्या जागरणाची आठवण करून देणारें जें गीत आहे, त्यानें मराठी प्रेक्षकांना चटकन् जागें केलें. गोष्ट जितकी अशक्य, तितका तिच्याखालचा ठेका ओळखीचा, अशी ही युक्ति होती. पायाखालीं घरची जमीन असली म्हणजे मनुष्य कल्पनेच्या आकाशांत निःशंकपणें उडूं शकतो.

त्यानंतर या ठेक्याचा प्रवास मोठ्या झपाट्यानें झाला. २००६ च्या ‘जत्रा’ चित्रपटांतील कोंबडीचें गाणें लग्नाच्या वरातींतून आणि गणपतीच्या मिरवणुकींतून महाराष्ट्रभर वाजलें. २००९ मध्यें पडद्यावर आलेल्या राजीव पाटील यांच्या ‘जोगवा’मध्यें यल्लमाच्या नांवानें सोडलेल्या जोगते-जोगतिणींचें दुःख होतें, तेथें चौंडकें आणि तुणतुणें यांचा तोच लोकसूर करुण होऊन आला. या संगीताबद्दल ५६ व्या राष्ट्रीय चित्रपट-पुरस्कारांत अजय–अतुल यांचा सन्मान झाला. लगेच २०१० च्या पहिल्याच दिवशीं रवि जाधव यांचा ‘नटरंग’ आला. आनंद यादव यांच्या कादंबरीवरून घेतलेली ही गोष्ट तमाशाचा फड उभा करूं पाहणाऱ्या एका शेतमजुराची आहे. त्यांतील लावण्यांनीं ज्यांनीं कधीं तमाशाच्या तंबूंत पाऊल टाकलें नव्हतें अशा शहरी घरांतहि ढोलकी नेऊन पोहोंचविली.

येथें थोडें थांबून या यशाची दुसरी बाजूहि पाहिली पाहिजे. नारायणगांव हें ज्या भाऊ-बापू मांग या बंधूंच्या फडामुळें नांवारूपास आलें, त्या भाऊंची कन्या विठाबाई ही तमाशाच्या रंगभूमीवरील अत्यंत थोर कलावंतीण. राष्ट्रपतींकडून गौरव होऊनहि तिचे अखेरचे दिवस हलाखींत गेले, आणि २००२ च्या जानेवारींत तिचा अंत झाला. आज महाराष्ट्र शासन तिच्या नांवानें तमाशा कलावंतांस जीवनगौरव पुरस्कार देतें. तिच्या मृत्यूनंतर आठच वर्षांनीं तमाशाच्या सुरांवर उभा असलेला चित्रपट चित्रगृहांत गर्दी खेंचूं लागला. तमाशाचा प्रेक्षक ओढून नेणाऱ्या गोष्टींत चित्रपट हाच पहिला होता. आणि त्याच चित्रपटानें तमाशाचे सूर उचलून त्यांवर कीर्ति मिळविली. हा हिशेब कोणा एका संगीतकाराच्या माथीं मारणें अन्यायाचें होईल. परंतु तो हिशेब आहे, हें विसरणेंहि बरें नव्हे.

साहसी चित्रपटांचें दालन त्यांना ‘सिंघम’नें २०११ मध्यें उघडून दिलें, आणि २०१२ च्या ‘अग्निपथ’नें तें पूर्ण मोकळें केलें. ‘जत्रा’मधील तीच कोंबडीची चाल ‘अग्निपथ’मध्यें नवे शब्द लेवून हिंदुस्थानभर गाजली, त्याच चित्रपटांतील गणपतीच्या गीतांत पुण्या-मुंबईच्या मिरवणुकीचा सारा दणदणाट उतरला. २०१४ च्या ‘लय भारी’त हाणामारीच्या कथेमध्यें पंढरीच्या वारीचें गीत येतें, आणि टाळ-मृदंगाचा गजर नायकाच्या पराक्रमास पाठबळ देतो. २०१८ मध्यें ‘ठग्स ऑफ हिंदोस्तान’ हा समुद्रावरील साहसाचा चित्रपट आणि ‘तुंबाड’ या भयकथेचें शीर्षकगीत, २०१९ मध्यें १७६१ च्या रणसंग्रामावरील ‘पानिपत’, आणि २०२० मध्यें ‘तान्हाजी’मधील एक गीत, अशी ही मालिका वाढत गेली.

या संगीताची बांधणी कशी असते, हें पाहण्यासारखें आहे. ढोल-ताशाच्या पथकांत दोनच टोंकें असतात. ढोलाचा घुमारा छातींत बसतो आणि ताशाचा कडकडाट डोक्यावरून जातो. मधली सारी जागा मोकळी असते. देवळापुढें किंवा रस्त्यावर ती जागा लोकांच्या आरोळ्यांनीं भरून निघते. अजय–अतुल त्या मोकळ्या जागेंत पाश्चात्त्य वाद्यवृंद बसवितात. व्हायोलिनांचा ताफा ताशाच्या खालून धांवतो, पितळी वाद्यें ढोलाच्या वरून उठतात, आणि लोकांच्या आरोळ्यांची जागा समूहगान घेतें. त्यामुळें ऐकणाऱ्यास आवाज प्रचंड वाटतो, पण परका वाटत नाहीं. हलगी वाजविणारा वाजविण्यापूर्वीं ती विस्तवावर धरून तापवितो, म्हणजे कातडें ताणलें जाऊन बोल खणखणीत उमटतो. इफुकुबे यांनीं तार सैल केली, आपल्याकडे कातडें ताठ केलें जातें. ज्ञान एकाच जातीचें, आणि तें पुस्तकांतून येत नाहीं.

या मार्गाचें सर्वांत लांबचें टोंक म्हणजे नागराज मंजुळे यांचा २०१६ चा ‘सैराट’. या चित्रपटासाठीं हॉलिवुड येथील सोनी कंपनीच्या ध्वनिमुद्रण-गृहांत तेथील वादकांकडून वाद्यवृंद वाजवून घेण्यांत आला. एका खेड्यांतील कोवळ्या प्रेमाची गोष्ट, तिचे शब्द गांवच्या बोलींतले, आणि तिच्यामागें सातां समुद्रांपलीकडील व्हायोलिनें! ज्यांच्याजवळ लहानपणीं वाद्य नव्हतें, त्यांनीं जगांतील उत्तम वादकांपुढें आपल्या रचना लिहून ठेवाव्या, हा या चरित्रांतील मोठा अभिमानाचा क्षण होय.

त्यांच्या संगीतावर आक्षेपहि घेतले जातात, आणि ते ऐकून घेण्यासारखे आहेत. मोठ्या वाद्यवृंदाच्या भाराखालीं लोकगीताचा खडबडीतपणा घांसला जातो, असें कांहीं रसिकांना वाटतें. साहसी चित्रपटांत ढोल इतक्यांदा वाजला कीं त्याची धडकी भरेनाशी झाली, असाहि सूर निघतो. दोन्हींत तथ्य आहे. जागरणाचा वाघ्या आवाज चिरकला तरी थांबत नाहीं, कारण त्याच्या समोर देव असतो. ध्वनिमुद्रणांत चिरकलेला आवाज पुन्हां घेतला जातो. परंतु याला दुसरें उत्तर त्यांच्याच कामांत आहे. ‘जोगवा’मध्यें त्यांनीं संयम दाखविला, २०१३ च्या ‘फँड्री’साठीं एक गीत करून देतांना त्यांनीं सणसणीत ठेका एका पोराच्या मनांतील उमाळ्याच्या कामीं लावला, २०२२ च्या ‘चंद्रमुखी’त ते पुन्हां तमाशाच्या फडाकडे वळले, आणि २०२३ च्या ‘महाराष्ट्र शाहीर’मध्यें शाहीर साबळे यांच्या चरित्राला त्यांनीं संगीत दिलें. ज्यांच्या संगतींत उमेदवारी केली त्या शाहिरांच्या कलेकडे असें परतून जाणें, हा ऋण मान्य करण्याचाच एक प्रकार आहे.

तरीहि खरें ऋण फिटावयाचें असेल तर तें चित्रपटगृहांत फिटणारें नाहीं. आज ढोलाचे, हलगीचे, संबळाचे बोल यंत्रांत साठवून ठेवतां येतात, आणि बोटाच्या दाबासरशीं हवे तितके वाजवितां येतात. अशा सांठ्यावर एखादें गीत निभावून जाईल. त्यावर नवा संगीतकार घडणार नाहीं. घोडेगांवांत किंवा जुन्नरांत वाढणाऱ्या मुलाच्या कानाला लागते ती समोरची हलगी, विस्तवाजवळ बसलेला वाजविणारा, आणि त्याच्या हाताची चूकसुद्धां. ती हलगी गांवांत वाजत राहावयाची तर वाजविणाऱ्याचें पोट त्या कलेवर भरलें पाहिजे. जपानांत आइनू लोकांचीं गाणीं बोलणारे-गाणारे विरळ झाले. इफुकुबे यांच्या पिढीला जें सहज ऐकावयास मिळालें तें त्यांच्या नातवंडांच्या पिढीला शोधून काढावें लागलें.

नारायणगांवच्या राहुट्यांत सुपारी ठरतांना आतां गांवचे पंच हटकून एक प्रश्न विचारतात : फडांत नवीं चित्रपटगीतें होतात का? फडवाल्याला होय म्हणावें लागतें. वगाआधींच्या रंगबाजींत चित्रपटांच्या गाण्यांवर नाच होतो, आणि टाळ्या-शिट्ट्या मिळतात त्या तेथेंच. तमाशानें चित्रपटाला दिलेला ठेका असा फिरून तमाशाच्या पाटावर येतो. जातांना तो ढोलकीवाल्याच्या हातांतून गेला होता. येतांना ध्वनिक्षेपकांतून येऊं लागला, तर ढोलकीवाला बाजूला बसून राहील. फडानें तें गाणें यंत्रावर न लावतां आपल्या ढोलकीवर वाजविलें, तर मात्र तो घरीं परत आला असें म्हणतां येईल. आणि पुढल्या रांगेंत मांडी घालून बसलेल्या एखाद्या बदलीच्या नोकरदाराच्या मुलाला तो तेथूनच उचलतां येईल.